बाटली आणि बॉटल

मुंबईहून गोव्याकडे जाणारा महामार्ग पनवेलजवळ पळस्पे येथें सुरू होऊन पेण ओलांडतो, आणि नागोठण्यास पोहोंचण्यापूर्वीं कासू हें गांव लागतें. रायगड जिल्ह्यांतील पेण आणि रोहें या दोन तालुक्यांच्या सांध्यावर तें वसलेलें आहे. पनवेल-रोहें लोहमार्गावर पेण आणि नागोठणें यांच्यामध्यें कासू नांवाचें स्टेशनहि आहे. एरवीं या लहानशा गांवाचें नांव दूरच्या वाचकांच्या दृष्टीस पडण्याचें कारण नव्हतें. परंतु महामार्गाच्या रुंदीकरणाचें काम २०११ सालीं हातीं घेण्यांत आलें, तेव्हां पळस्पे ते इंदापूर हा ८४ किलोमीटरांचा पट्टा कासूजवळ दुभंगला. ‘पळस्पे ते कासू’ आणि ‘कासू ते इंदापूर’ असे त्याचे सुमारें बेचाळीस बेचाळीस किलोमीटरांचे दोन टप्पे झाले. काम दहा वर्षांहून अधिक काळ रखडलें, प्रकरण उच्च न्यायालयापर्यंत गेलें, आणि दर गणेशोत्सवाच्या सुमारास कासूचें नांव वर्तमानपत्रांत छापून येऊं लागलें. रुंद रस्ता एकाएकीं जेथें अरुंद होतो आणि मोटारींच्या रांगा जेथें तुंबतात, त्या जागेला या बातम्यांत एक शब्द हटकून योजलेला असे. तो शब्द ‘बॉटलनेक’.

बॉटलनेक म्हणजे बाटलीचा गळा. पोट रुंद आणि गळा चिंचोळा, म्हणून आंतलें पाणी एकदम बाहेर पडत नाहीं, हें साधें निरीक्षण इंग्रजांनीं एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस रस्त्यांना लावलें. तुलना मार्मिक आहे यांत संशय नाहीं. मौज अशी कीं ज्या मराठीत ‘बाटली’ हा शब्द पिढ्यान् पिढ्या घरोघर नांदत आहे, तिनें बाटलीच्या गळ्यासाठीं पुन्हां इंग्रजीचें दार ठोठावलें. मराठीपाशीं ‘कोंडी’ होती, ‘चिंचोळी वाट’ होती; गळा दाबण्याची कल्पना ‘गळचेपी’ या शब्दांत पूर्वींच रुजलेली होती. तरीहि नवा शब्द आला, आणि येतांना आपल्या ओळखीची बाटली ‘बॉटल’ होऊन आली. एकच शब्द एकाच भाषेनें दोनदां उसना घ्यावा, असा प्रसंग वारंवार येत नाहीं. तो कां आला, हें कळण्यास पहिल्या उसनवारीचा इतिहास पाहिला पाहिजे.

या शब्दाचें कुळ लॅटिन आहे. उत्तरकालीन लॅटिनमध्यें ‘बुत्तिस’ म्हणजे पिंप. त्याचें लघुत्वदर्शक रूप ‘बुत्तिकुला’, म्हणजे चिमुकलें पिंप. फ्रेंचांच्या तोंडीं त्याचें ‘बुतेय’ झालें, पोर्तुगीजांच्या तोंडीं ‘बोतेल्य’, आणि जुन्या फ्रेंचमधून इंग्रजीत गेल्यावर ‘बॉटल’. मद्याच्या बाटल्यांवर देखरेख करणारा जो सेवक, त्याला जुन्या फ्रेंचमध्यें ‘बुतेय्ये’ म्हणत. त्याचाच इंग्रजी अवतार ‘बटलर’ होय. साहेबाच्या बंगल्यावरील खानसाम्याला बटलर म्हणणाऱ्या आणि त्याच्या मोडक्यातोडक्या भाषेला ‘बटलरी इंग्रजी’ म्हणून हंसणाऱ्या आपल्या पूर्वजांना, बाटली आणि बटलर हे एकाच घरचे नातलग आहेत याची कल्पना नसावी. बाटलीच्या आसपासचे आणखी दोन शब्दहि समुद्रावरूनच आले. पोर्तुगीज ‘पीप’चें मराठीत ‘पिंप’ झालें, आणि ‘बुश’ म्हणजे बोळा किंवा गुडदी, त्याचें ‘बूच’. पोर्तुगीज ‘बुश’ मराठीत इतकें मुरलें कीं ज्याच्या सालींतून हलकें बूच निघतें, त्या पांढऱ्या, सुगंधी फुलांच्या उंच झाडालाहि लोक ‘बुचाचें झाड’ म्हणूं लागले.

बाटली स्वतः कोणत्या गलबतांतून उतरली? हिंदी ‘बोतल’मध्यें ‘त’ आहे, मराठी ‘बाटली’त ‘ट’ आहे. पोर्तुगीजांचा ‘त’ दंत्य आणि इंग्रजांचा ‘ट’च्या जवळचा, त्यावरून मराठी शब्द इंग्रजीकडे झुकतो असें दिसतें. मात्र पोर्तुगीज असूनहि ‘बटाटा’ दोनदोन ‘ट’ घेऊन बसलेला आहे. तेव्हां केवळ एका अक्षरावर निकाल देणें योग्य नव्हे. त्याहून बोलका पुरावा पहिल्या स्वराचा आहे. इंग्रजीतील हा स्वर जुन्या मराठीनें सरळ ‘आ’ असा ऐकला. ‘लॉर्ड’चा ‘लाट’ झाला, ‘डॉक्टर’चा ‘डाक्तर’ झाला, तशीच ‘बाटली’ झाली. ‘ऑ’ हें चंद्र धारण करणारें अक्षर पुढें, शाळेंत इंग्रजी शिकलेल्या पिढ्यांनीं रूढ केलें. बाटली हा कानानें घेतलेला शब्द आहे आणि बॉटल हा शाळेंत शिकून घेतलेला, असा दोहोंतील भेद सांगतां येईल.

बाटली येण्यापूर्वीं या देशांत पातळ पदार्थ ठेवावयास भांडीं नव्हतीं असें नाहीं. तेलातुपासाठीं कातड्याचा बुधला आणि बुधली होती, पाण्यासाठीं मशक, पखाल आणि सुरई, अत्तरासाठीं कुपी, गुलाबपाण्यासाठीं गुलाबदाणी. फारसी ‘शीशा’वरून आलेले ‘शिसा’ आणि ‘शिशी’ हे शब्द कांचेच्या पात्रांसाठीं रूढ होते. बैराग्याच्या हातीं वाळलेल्या भोपळ्याचा तुंबा असे. येथें दोन भाषांच्या दृष्टीचा एक गमतीचा फरक दिसतो. इंग्रजांनीं दुधी भोपळा पाहिला आणि त्याला बाटलीच्या आकाराचा भोपळा म्हटलें. आपल्याकडे भोपळा आधीं, आणि पाणी ठेवण्याचें पात्र त्याच्यापासून झालें.

मग नवा शब्द लागला कशाला? कारण वस्तु नवी होती. जहाजांतून मद्य घेऊन येणारी, जाड कांचेची, सारख्या मापाची, बुचानें घट्ट बंद होणारी आणि रिकामी झाल्यावरहि वर्षानुवर्षें टिकणारी बाटली शिशीच्या वर्गांत बसेना. मुंबई बेटावर साहेबलोकांनीं ती रिकामी केली कीं तिचा खरा संसार सुरू होई. तशी कांच येथें बनत नसे; त्यामुळें दारूवाल्याला, तेल्याला, अत्तरवाल्याला, वैद्याला अशी बाटली हवीच असे. रिकाम्या बाटलीला बाजारभाव आला आणि तिचा व्यापार करणारे लोक निर्माण झाले. मराठी आणि गुजराथी बोलणाऱ्या या बाजारांत परकी ‘बाटली’ आणि देशी ‘वाला’ एकत्र आले, आणि ‘बाटलीवाला’ हा सामासिक शब्द तयार झाला.

या शब्दाचा सर्वांत कीर्तिमान वाहक म्हणजे जमशेटजी जिजीभाई. त्यांचा जन्म १७८३ सालचा. आईबापांचें छत्र लहानपणींच हरपलें, आणि ते मुंबईस आपले मामा फ्रामजी नसरवानजी बाटलीवाला यांच्या आश्रयास आले. मामांचा धंदा रिकाम्या बाटल्या विकत घेण्याचा व विकण्याचा. भाचा त्यांत तयार झाला, पुढें मामांचा जांवईहि झाला, आणि कांहीं काळ स्वतः ‘बाटलीवाला’ म्हणूनच ओळखला गेला. जमशेटजींची अलोट संपत्ति अर्थात् बाटल्यांतून आली नाहीं. ती चीनच्या कापूस-अफूच्या व्यापारांतून आली, हें इतिहासानें झांकून ठेवण्याचें कारण नाहीं. पण १८४२ सालीं ‘सर’ झालेल्या, १८५७ सालीं बॅरोनेट झालेल्या आणि ज्यांच्या नांवानें मुंबईंत रुग्णालय व कलाशाळा उभ्या राहिल्या त्या गृहस्थाचा व्यवहारांतील पहिला धडा रिकामी बाटली हातीं घेऊन झाला. बाटलीवाला, बाटलीबॉय, सोडावॉटरवाला हीं पारशी आडनांवें ज्या काळाची आठवण देतात, त्या काळीं रिकामी बाटली ही टाकाऊ वस्तु नव्हती. तें भांडवल होतें.

बाजारानें शब्द दिला, आणि व्याकरणानें तो घरांत घेतला. मराठीत लहान वस्तु बहुधा स्त्रीलिंगी आणि मोठी पुल्लिंगी असते. लोटी आणि लोटा, सुरी आणि सुरा, बुधली आणि बुधला. ‘बाटली’ला तर शेवटचा ‘ली’ जन्मतःच मिळालेला; तेव्हां ती पाहुणी टोपली-बुधलीच्या पंक्तीला जाऊन बसली, आणि मराठीनें तिच्यावरून मोठ्या बाटलीसाठीं ‘बाटला’ हा शब्द स्वतः घडविला. इंग्रजीत असें रूप नाहीं, पोर्तुगीजांनीं तें दिलेलें नाहीं. उसना शब्द नवीन भाषेंत स्वतःची प्रजा निर्माण करूं लागला म्हणजे तो उसना राहिला नाहीं, असें समजण्यास हरकत नाहीं. बाटल्या, बाटलींत, बाटलीस अशीं सर्व रूपें तो इतक्या सहजपणें घेतो कीं अशिक्षित मनुष्यालाहि तीं शिकवावीं लागत नाहींत.

घरांत घेतांना मराठीनें विवेकहि राखला. इंग्रज ज्याला शाईची बाटली म्हणतो, तिला ‘दौत’ हा जुना शब्द होता. तो तसाच राहिला. रबराच्या ज्या थैलींत गरम पाणी भरून दुखरी पाठ शेकतात, तिला इंग्रज बाटली म्हणतो. मराठी गृहिणीनें ती वस्तु पाहिली आणि तिला ‘गरम पाण्याची पिशवी’ म्हटलें. सुवासिक द्रव्याची ती कुपीच राहिली. आणि हायरम कॉड या इंग्रजानें १८७२ सालीं ज्या बाटलीचें पेटंट घेतलें, जिच्या गळ्यांत कांचेची गोळी असते आणि आंतील वायूच्या दाबानें ती रबरी कड्यावर घट्ट बसून बूच होते, त्या बाटलीचें आगमन झाल्यावर येथील लोकांनीं संशोधकाचें नांव विचारलें नाहीं. पोरांच्या खेळांतली गोटी आंत दिसली, म्हणून तो ‘गोटी सोडा’ झाला. आंगठ्यानें गोटी आंत ढकलावयाची, फस्स असा आवाज ऐकावयाचा, आणि बाटली तोंडाला लावावयाची. शब्द आणि कृति यांत अंतरच राहिलें नाहीं.

तरीहि या पाहुणीकडे संशयानें पाहणारे लोक होते. मराठीत ‘बाटणें’ म्हणजे भ्रष्ट होणें. ‘ती बाटली’ याचा अर्थ कोणास सांगावयास नको. दोन शब्दांचा परस्परांशीं कांहींहि संबंध नाहीं. परंतु सोंवळ्याओंवळ्याच्या काळांत हा योगायोग विनोदी वाटण्यापेक्षां सूचकच वाटला असल्यास नवल नाहीं. १८९० सालीं पुण्याच्या पंचहौद मिशनमध्यें चहा-बिस्किटें पुढें आलीं, एवढ्यावरून रानडे आणि टिळक यांच्यासारख्यांपुढें प्रायश्चित्ताचा प्रश्न उभा राहिला, असा तो काळ. परक्या हातानें भरलेलें पेय घरांत घेणें ही साधी गोष्ट नव्हती. या सोंवळ्याचा गड बाटलीनें सर केला तो औषधाच्या वाटेनें. दवाखान्यांत जातांना घरून धुतलेली बाटली न्यावयाची, कंपाउंडरनें तींत तांबडें मिश्रण भरावयाचें, आणि डोसाच्या खुणांसाठीं दांतेरी कापलेली कागदाची पट्टी तिच्या अंगाला चिकटवावयाची. आजारी मुलाच्या उशाशीं उभी असलेली ती बाटली आई बाटलेली कशी म्हणेल?

वस्तु अंगवळणी पडली, तरी ती परदेशांतूनच येते ही टोंचणी स्वदेशीच्या काळांत तीव्र झाली. अंताजी दामोदर काळे यांनीं दर माणशीं वर्षाला एक पैसा मागून निधि उभारण्याची कल्पना मांडली. टिळकांनीं तिला पाठबळ दिलें. आणि त्या पैसा फंडांतून १९०८ सालीं तळेगांव दाभाडे येथें कांचेचा कारखाना निघाला. जपान व अमेरिका येथें शिकून आलेले ईश्वरदास वार्ष्णेय यांनीं तो उभा केला. कांच म्हणजे वाळू, सोडा आणि चुना यांचा भट्टींतला रस. वाळूंत लोहाचा अंश असला कीं कांचेला हिरवी झांक येते. स्वच्छ पांढरी कांच हवी असेल तर तो अंश टाळावा लागतो, अथवा मँगनीजसारखें द्रव्य घालून रंग मारावा लागतो. हें ज्ञान पुस्तकांतून हातांत येण्यास वेळ लागतो. तळेगांवच्या कारखान्याचें मोठें काम असें कीं तेथें कारागीर तयार झाले आणि ते देशभर गेले. पुढें १९१६ सालीं औंध संस्थानच्या आश्रयानें कऱ्हाडजवळ ओगले बंधूंचा कारखाना उभा राहिला. त्याच्या ‘प्रभाकर’ कंदिलानें वीज पोहोंचण्यापूर्वींच्या महाराष्ट्राला उजेड दिला. फुंकनळीच्या टोंकाशीं येथल्याच माणसाचा श्वास कांचेंत शिरूं लागला, तेव्हां बाटली केवळ शब्दानें नव्हे तर जन्मानेंहि इकडची झाली.

म्हणूनच पुढें सावरकरांनीं भाषाशुद्धीचा ध्वज उभारला, माधव जूलियन यांनीं १९३८ सालीं ‘भाषाशुद्धि-विवेक’ लिहिला, आणि ‘दिनांक’, ‘महापौर’ यांसारखे शब्द रुळले, तरी बाटलीच्या जागीं दुसरा शब्द कांहीं रुळला नाहीं. तिला काढण्याची निकडच कोणास भासली नाहीं.

या शब्दाच्या मराठीपणाचा सर्वांत गंभीर पुरावा मात्र ग्रंथांत नाहीं, मतपत्रिकेवर आहे. गडकऱ्यांच्या ‘एकच प्याला’चा पहिला प्रयोग १९१९ सालीं झाला, तेव्हां दारूचें प्रतीक फारसी ‘प्याला’ होतें. मुंबई राज्याचा दारूबंदी कायदा १९४९ सालीं आला. पुढें प्याल्याची जागा बाटलीनें घेतली. महाराष्ट्रांत गांवांतील किंवा वॉर्डांतील दारूचें दुकान बंद करावें कीं नाहीं यासाठीं स्त्रियांचें गुप्त मतदान घेण्याचा नियम झाला, आणि मतपत्रिकेवर दोन चित्रें आलीं : एक उभी बाटली, एक आडवी बाटली. दुकान चालू ठेवावयाचें तर उभी, बंद करावयाचें तर आडवी. एकूण स्त्री मतदारांपैकीं निम्म्याहून अधिक स्त्रियांनीं आडव्या बाटलीवर शिक्का मारला पाहिजे. घरीं राहिलेली प्रत्येक स्त्री दुकानदाराच्या पथ्यावर पडते. ‘आडवी बाटली’ या दोन शब्दांसाठीं बायका पायपीट करितात, सभा घेतात, नवऱ्यांचा मार खातात आणि तरीहि मतदानाला जातात. ज्या शब्दावर एखाद्या संसाराचें बरेंवाईट टांगलेलें असतें, त्याला परका कोणत्या तोंडानें म्हणावयाचें?

आणि येथेंच ‘बॉटल’ कां आली, याचें उत्तर सांपडतें. बाटली म्हणतांच दारू आठवूं लागली, रॉकेल आठवूं लागलें; तेव्हां सुशिक्षित घरांतील मुलाच्या दप्तरांत बाटली कशी ठेवावयाची? तेथें ‘वॉटर बॉटल’ आली. एकच वस्तु, एकच शब्द; परंतु गुत्त्यावर ती बाटली आणि शाळेंत ती बॉटल. जिला एके काळीं सोंवळ्यांत घेण्यास लोक कचरत, ती मराठी होऊन बसल्यावर पुन्हां बाटली, आणि तिच्या जागीं तिचीच सावत्र बहीण मानानें बसविली गेली. साडीचा गर्द हिरवा रंग ‘बॉटल ग्रीन’ झाला, आणि रस्त्याची कोंडी ‘बॉटलनेक’ झाली. वाळूंतल्या लोहानें येणाऱ्या ज्या हिरवेपणाशीं तळेगांवचे कारागीर झगडले, तोच रंग इंग्रजी नांवानें प्रतिष्ठित ठरला.

शब्द बदलल्यानें काय बिघडलें, असें कोणी विचारील. बिघडलें तें व्याकरणांत दिसतें. बाटलीच्या बाटल्या होतात, बॉटलच्या ‘बॉटल्स’. पाणी बाटलींत भरतां येतें. बॉटलला मात्र ‘मध्यें’चा टेकू लागतो. बाटलीला बाटला आहे, बॉटलला कोणी नाहीं. पहिली मराठी घरांत सून होऊन आली. दुसरी अजून दिवाणखान्यांतच बसून आहे. शंभर वर्षांनीं तीहि स्वयंपाकघरांत येईल, नाहीं असें नाहीं. परंतु आपल्याच घरचें माणूस बाहेर बसवून त्याच नांवाचा पाहुणा आंत बोलावणें, यांत भाषेची श्रीमंती वाढत नाहीं.

बाटलीची कांचहि आतां फारशी उरलेली नाहीं. कासूच्या पुढचेंच स्टेशन नागोठणें. तेथें १९९० च्या सुमारास इंडियन पेट्रोकेमिकल्स या तेव्हांच्या सरकारी कंपनीचा मोठा कारखाना उभा राहिला आणि पुढें तो खासगी मालकीकडे गेला. ज्या पॉलिएथिलीन व पॉलिप्रॉपिलीनच्या दाण्यांपासून डबे, बरण्या आणि झांकणें होतात, ते दाणे तेथें तयार होऊं लागले. बुचाची जागा प्लॅस्टिकच्या फिरकीनें घेतली. एके काळीं मुंबईंत आरेच्या केंद्रावर रिकामी बाटली दिल्याखेरीज दुधाची भरलेली बाटली हातीं पडत नसे. रिकामेपणालाहि मोल होतें. नवी बाटली मात्र रिकामी झाली कीं रस्त्याच्या कडेला पडते, आणि पावसाळ्यांत खाडीची वाट धरते. २०१८ सालीं महाराष्ट्र शासनानें प्लॅस्टिकविषयक नियम केले, तेव्हां अशा बाटल्यांवर त्या परत घेण्याची किंमत छापावी अशी तरतूद केली गेली. फ्रामजी नसरवानजींच्या पेढीवर जें पोरासोरांना ठाऊक होतें, तें दोनशें वर्षांनीं अधिसूचना काढून सांगण्याची वेळ आली.

तरीहि एक मनुष्य तें विसरलेला नाहीं. शहरांतील गल्ल्यांतून खांद्यावर पोतें टाकून तो सकाळच्या वेळीं हिंडतो, आणि ‘रद्दी, बाटलीऽऽ’ अशी आरोळी देतो. वरच्या मजल्यावरची मुलें शाळेंत जातांना आपापली ‘बॉटल’ गळ्यांत अडकवून जिना उतरतात, आणि खालीं हा उभा असतो. त्याला ‘बॉटलवाला’ असें कोणीहि म्हणत नाहीं.